भांड्यावरचं गाव

डोमाजी बोरघरेंशी माझी ओळख भांडणातून झाली, आणि भांडणाचं कारण होतं पितळेचा एक गुंड, म्हणजे पाणी भरायची घागर. भट्टीटोलीच्या शाळेत मी तेव्हा नवीनच लागले होते. लग्न होऊन दोन महिने झाले होते. नवरा कारखान्याच्या स्टोअरमध्ये कामाला. माझ्या वडिलांनी कोंढ्याहून आंदणात दिलेला गुंड तेवढा बिनानावाचा आला होता, कारण लग्नाच्या गडबडीत त्यावर नाव टाकायचं राहून गेलं. बिनानावाचा गुंड सार्वजनिक नळावर रांगेत ठेवायची सोय नाही. कोण उचलून नेईल काही नेम नाही. म्हणून मी तो कमरेवर घेऊन कारखान्याच्या गेटासमोर गेले. तिथे भांड्यांच्या दुकानाच्या पायरीशी, पोत्यावर, एक किडकिडीत माणूस बसायचा. चष्म्याची एक काडी दोऱ्याने बांधलेली, मांडीत कोणाची तरी परात, हातात छिन्नी आणि बोटभर लांब हातोडी.

मी मजकूर सांगितला, लग्नाची तारीखही सांगितली. वडिलांचं नाव, मु. कोंढा, यांजकडून, आणि खाली माझं नाव, मु. आंबागड. आंबागड हे माझ्या सासरचं मूळ गाव.

"रांधता कोठी?" त्यांनी मान वर न करता विचारलं.

"इथेच. दुसऱ्या लाईनीत."

"मंग आंबागड काहून?"

"आमचं गाव आहे ते."

"गुंड आंबागडले जाऊन राहिला का?"

"नाही."

"मंग भट्टीटोली."

मी म्हटलं, अहो, गिऱ्हाईक सांगेल ते टाकायचं तुम्ही, तुम्हाला काय करायचं आहे. त्यावर त्यांनी परात बाजूला ठेवून गुंड मांडीत घेतला. मला वाटलं, पटलं. मी भाजी घेऊन परत आले तर गुंड तयार. ठिपक्याठिपक्यांची देखणी अक्षरं, वडिलांचं नाव जसंच्या तसं, कोंढा जसंच्या तसं, आणि माझ्या नावापुढे मु. भट्टीटोली. माझं डोकंच फिरलं. तिथे उभी राहून मी त्या माणसाला म्हटलं, "भट्टीटोली काय गाव आहे का?"

"नाही तं दोन महिन्यापासून तुमी काय हवेत रायता, बाई?"

दुकानाच्या पायरीवरची माणसं हसली. मी गुंड उचलून तरातरा निघाले. पुढचे सहा महिने त्या बाजूने गेले नाही. सासूबाईंनी गुंड पाहून कपाळाला हात लावला तो वेगळाच.

आता डोमाजी जाऊन दोन वर्षं होतील. मी इतिहास शिकवणारी बाई. तीस वर्षं किल्ले, लढाया आणि तह पोरांच्या डोक्यात कोंबले. पण शाळा ज्या जमिनीवर उभी होती तिचा इतिहास मला एका पोत्यावर बसणाऱ्या माणसाने शिकवला. हे मी आज मोकळेपणाने कबूल करते. तेव्हा करणं मला जमलं नसतं.

भट्टीटोली म्हणजे तुमसरच्या बाजूला, रेल्वेच्या रुळांपलीकडे. आधी तिथे कडक मुरमाचं माळरान होतं, गुरंसुद्धा तोंड वाकडं करून जायची. मग मँगनीज वितळवायची भट्टी आली. भट्टीमागे माणसं आली, आणि माणसांमागे झोपड्या आल्या. मग कारखान्याने कौलारू खोल्यांच्या रांगा बांधल्या. पहिली लाईन, दुसरी लाईन, अशा पाच. पाचवीच्या मागे लोकांनी आपापल्या हाताने बांधलेल्या खोल्या, तिला सहावी म्हणायचे. चहाची टपरी, हनुमानाचा ओटा, बुद्धविहार, शाळा, सोमवारचा बाजार, सगळं हळूहळू आलं. बघता बघता हजारभर माणसांचं उपनगर झालं. पण त्यातल्या एकालाही विचारा, "तुमचं गाव कोणतं?" सानगडी. कोंढा. आंबागड. भट्टीटोली म्हणणारा एक माणूस सापडायचा नाही.

आम्ही सगळे इथे पाहुणे होतो. चाळीस-चाळीस वर्षांचे पाहुणे. रेशनकार्ड गावाला. मतदारयादीत नाव गावाला. बाया बाळंतपणाला गावाला, म्हणजे पोरांचं जन्मगावही तेच. मतदानाच्या दिवशी अख्खी वस्ती डबे बांधून एस्टीत बसायची, मागे फक्त कुत्री आणि भट्टीवरचा पहारेकरी. "दोन सालानं गावाले जाऊन शेती पाहाची हाये," असं म्हणत माणसं रिटायर झाली, म्हातारी झाली, आणि सहाव्या लाईनीतल्या खाटेवरच मेली. आमचा हा शहाणपणा पुढे आमच्या किती अंगाशी येणार होता, हे एकट्या डोमाजींना ठाऊक होतं असं मी म्हणणार नाही. त्यांना भविष्य वगैरे काही कळत नव्हतं. त्यांना फक्त खोटं ठोकता येत नव्हतं.

गंमत अशी की ते स्वतः भट्टीटोलीत राहायचेच नाहीत. तुमसरला त्यांचं बापजाद्यांचं दोन खोल्यांचं घर होतं, तिथून रोज सकाळी सायकलने यायचे आणि दिवस कलला की परत. म्हणजे आमच्या वस्तीशी त्यांचा संबंध भांड्यांपुरता. पण भांडं आलं की माणूस आला. नाव टाकायच्या आधी त्यांची चौकशी चालायची, पोलीस बरे. देऊन कोण राहिलं? कोणाला? कायले? मामा आहे तर सख्खा का चुलत? खोली कितवी? एवढं सगळं नीट लागलं की मग छिन्नी टेकायची. जीभ दातांत धरून टक् टक् टक्, एका श्वासात एक अक्षर. शेवटचा ठिपका पडला की भांड्याला टिचकी मारून ते गिऱ्हाइकाच्या कानाशी धरायचे. "आयका. आवाज साफ हाये." आवाज साफ असण्याचा आणि नावाचा काय संबंध, हे मला कधी कळलं नाही. पण तो आवाज ऐकल्याशिवाय कोणी भांडं उचलत नसे.

तंबाखू-सुपारीचा घोटलेला खर्रा खात नसत. भंडारा जिल्ह्यातला पुरुष आणि खर्रा खात नाही, यावरच लोक त्यांना थोडे घाबरून असायचे. "थुकाले उठलो तं ठिपका चुकते," म्हणायचे. तोंडाचे मात्र भारी फटकळ. घाई करणाऱ्याचं भांडं मुद्दाम तळाशी सारायचे. दुकानात नाव टाकायचं विजेचं मशीन आलं तेव्हा महिनाभर दुकानवाल्या शेठशी बोलले नाहीत. मशीनच्या अक्षरांना ते "कोंबडीचे पाय" म्हणायचे. आणि अभिमान म्हणाल तर असा की कोणाच्याही घरी पाणी प्यायला दिलं की आधी गडव्यावरचं नाव वाचणार, स्वतःच्या हातचं असलं तर पिणार, नसलं तर दोन शब्द बोलून पिणार.

त्यांच्या बायकोने मला एकदा सांगितलं होतं, "माणूस मेला तं ह्या माणसाच्या डोळ्याले पाणी नाही, पण भांडा मोडीत गेला का दोन दिवस भाकर गोड लागत नाही." ते खरंच होतं. महिन्यातून एकदा ते तुमसरच्या मोडवाल्यांकडे चक्कर मारायचे. घ्यायचं काही नाही, नुसता ढिगारा उपसून नावं वाचायची. कोणाचा गंज म्हणजे पातेलं गेलं, कोणाची कोपर म्हणजे परात गेली. वस्तीत कोणाचं बरं चाललं आहे आणि कोणाचं वाईट, हे कारखान्याच्या ऑफिसाआधी डोमाजींना कळायचं ते असं.

खोटं ठोकत नाहीत, याचा अनुभव एकदा थेट कारखान्याच्या मॅनेजरसाहेबांना आला. त्यांची बदली झाली होती. ऑफिसच्या बाबूने मोठी थोरली पितळी कोपर आणली आणि मजकूर दिला: "समस्त कामगारांकडून सप्रेम भेट." डोमाजींनी कोपर मांडीत घेतली.

"कोण कोण कामगार?"

"समस्त म्हणजे समस्त."

"नावं सांगा जी. समस्त कोण्या लाईनीत रायते?"

बाबू चिडला. डोमाजी शांत. दुपारी शिफ्ट सुटली तेव्हा गेटातून येणाऱ्या प्रत्येकाला ते विचारायला लागले, "काय गा, तू साहेबाले कोपर देऊन राहिला का?" माणसं म्हणायची, कोणती कोपर? निरोपसमारंभात ती कोपर साहेबांच्या हातात पडली तेव्हा तिच्यावर लिहिलेलं होतं, "ऑफिसकडून भेट." सप्रेमही काढून टाकलं होतं. बाबूला विचारलं तर म्हणे, "प्रेमाची मी खातरी करू शकलो नाही." हे वाक्य डोमाजींचं, बाबूने नुसतं पुढे सांगितलं. साहेबांनी मात्र हसून कोपर नेली, हेही सांगायला हवं.

एकदा ठोकलेलं खोडायचं नाही, हा दुसरा नियम. तिसऱ्या लाईनीतल्या सुनंदाचं लग्न हळदीच्या आदल्या दिवशी मोडलं. आंदणाचं गंगाळ तयार होतं, नवऱ्यामुलाच्या नावासकट. तिचा बाप गंगाळ घेऊन आला, रडकुंडीला आलेला. म्हणाला, नाव घासून टाका. डोमाजी म्हणाले, "घासलं तं भांडा पातळ होते, आन् डाग तं रायतेच." मग ते सुनंदाशीच बोलायला गेले. तिने काय सांगितलं ते तिलाच माहीत. पण दुसऱ्या दिवशी गंगाळावर जुन्या मजकुराखाली एक नवीन ओळ होती: "लग्न झालं नाही. सुनंदा नर्सिंगला भंडाऱ्याला निघाली." बाप खवळला. सुनंदा मात्र ते गंगाळ घेऊनच होस्टेलला गेली. आज ती मोठी सिस्टर आहे, नंतर लग्नही झालं, आणि ते गंगाळ तिच्या बैठकीत झाडाची कुंडी म्हणून ठेवलेलं आहे. येणारे-जाणारे वाचतात आणि हसतात, तीही हसते.

मग कारखाना बंद पडला. कसा पडला, कोणाचं चुकलं, यावर वस्तीत रोज एक नवा प्रबंध तयार व्हायचा, मी त्यात शिरत नाही. भट्टी थंड झाली. कागदपत्रं कुठल्या ट्रकमधून कुठे गेली, कोणालाच कळलं नाही. सरकारी भाडेपट्ट्याची ती जमीन दुसऱ्या कोणी घेतली, आणि काही वर्षांनी नव्या मालकाचा माणूस येऊन सांगायला लागला की खोल्या रिकाम्या करा. त्याचं म्हणणं साधं होतं. कारखाना चालू असताना इथे कोणी कायमचं राहतच नव्हतं; बंद पडल्यावर बाहेरच्यांनी घुसून खोल्या बळकावल्या.

त्याच सुमारास सरकारी योजना आली. जे कारखाना बंद पडायच्या आधीपासून राहत आहेत, त्यांना राहत्या जागेचा पट्टा मिळेल. फक्त पुरावा द्या.

आणि पुरावा कोणाकडेच नव्हता. रेशनकार्ड सानगडीचं, मतदारयादी कोंढ्याची. कागदावर भट्टीटोलीत कधी कोणी राहिलंच नव्हतं. मला वाटलं, शाळेचं दाखल-खारीज रजिस्टर तर आहे. मी मोठ्या तोऱ्यात ते उघडलं. जन्मगाव, पत्ता, दोन्ही रकान्यांत तीच बाहेरगावची नावं. आणि अक्षर माझं. तीस वर्षं पालक म्हणाले, "बाई, पत्ता गावचाच टाका," आणि मी टाकत गेले. इतिहासाची बाई. मला त्या दिवशी स्वतःची जेवढी चीड आली तेवढी कोणाचीच कधी आली नाही.

दुसऱ्या दिवशी नळावर गुंड भरत होते, आणि पाणी काठोकाठ येईपर्यंत मी समोरची अक्षरं वाचत राहिले. मु. भट्टीटोली. खाली तारीख, साल. मी पाणी तसंच ओतून दिलं आणि गुंड घेऊन लाईनीलाईनीने फिरले. बायांनी माळ्यावरून, खाटेखालून भांडी काढली. गंज, घागरी, पराती, गडवे. सगळ्यांवर भट्टीटोली, खोलीचा नंबर, तारीख, साल. ज्या मजकुरावरून प्रत्येकीने त्या माणसाशी एकदा तरी भांडण केलं होतं, तोच मजकूर. तीनशेच्या वर भांडी निघाली.

शाळेच्या वऱ्हांड्यात पट्ट्यांचं शिबिर लागलं. तहसीलचे साहेब तरुण होते, समजूतदार होते. भांड्यांची रांग पाहून आधी हसले, मग एकेक उचलून वाचायला लागले, आणि हसणं थांबलं. नव्या मालकाचा माणूस म्हणाला, "साहेब, हे तर कालही ठोकून आणता येतं." साहेबांनी विचार केला आणि सगळ्यांसमोर सांगितलं, "मी ही भांडी जोडपुरावा म्हणून धरतो. नाव टाकणाऱ्याचा जबाब घेतो. पण यातलं एक जरी भांडं नवीन ठोकलेलं निघालं, तर सगळीच बाजूला ठेवावी लागतील." डोमाजींनी मान हलवली. एव्हाना त्यांचं वय पंचाहत्तरीच्या पुढे होतं. प्रत्येक भांडं हातात घेऊन ते सांगत होते, हे कोणाचं, कोणी दिलं, कोणत्या लग्नात. दोन दिवस चाललं ते. एकाही ठिकाणी अडखळले नाहीत.

अडलं ते रुखमाबाईंपाशी.

रुखमाबाई वाघाडे पहिल्या लाईनीतल्या. भट्टी पेटायच्या आधी पाया खोदायला जी माणसं आली त्यांतली ही बाई, रेजा म्हणजे बांधकामावरची मजूर म्हणून. नंतर आयुष्यभर मँगनीजचे खडे निवडले. मूलबाळ नाही. नवरा दोन वर्षं आजारी पडून गेला, आणि त्या दोन वर्षांत घरातलं पितळ-तांबं एकेक करून मोडीत गेलं. वस्तीतली सगळ्यात जुनी रहिवासी, आणि तिच्याकडे नाव टाकलेली साधी वाटीसुद्धा नव्हती. सानगडी-कोंढ्यासारखं परत जायला गावही नव्हतं. पट्टा मिळाला नाही तर ती खोली जाणार होती, आणि खोलीबरोबर सगळंच.

मग मी जे केलं ते सांगते. माझ्या घरी सासूबाईंचा एक जुना, बिनानावाचा गडवा होता. मी तो पदराखाली घेऊन डोमाजींकडे गेले आणि म्हटलं, यावर रुखमाबाईंचं नाव टाका, तारीख मी सांगते ती. अक्षर तुमचंच, पितळ जुनं, कोणाच्या बापाला कळणार नाही. आणि यात खोटं तरी काय आहे? ती इथे राहत होती हे तुम्हाला माहीत, मला माहीत, देवाला माहीत.

डोमाजींनी गडवा हातात घेतला, फिरवून पाहिला, आणि माझ्याच हातात परत दिला.

"बाई, इस्कुलात तुमी हेच शिकवत होत्या का?"

"डोमाजी, तिचं घर जाऊन राहिलं."

"समजते मले. पण साहेबानं काय सांगतलं, आयकलं ना? एक खोटा निंगला तं तीनशे खोटे होतेत. आन् कोणाले कळन नाही म्हणता, मले तं कळन. उद्या जबाबात माह्या तोंडातून निंगणारच नाही."

मी रागाने निघाले. वाईट हे की रुखमाबाईंना मी आधीच सांगून बसले होते की काम झालं समजा. आता जाऊन सांगावं लागलं की डोमाजी नाही म्हणाले. दुसऱ्या सकाळी डोमाजी सायकलवरून आले, नेहमीसारखं "काय वो रुखमा" म्हणाले, तर तिने तोंड फिरवून दार लावून घेतलं. बंद दारासमोर उभे राहिलेले डोमाजी मला दिसले. मग सायकल वळवून निघून गेले, आणि दुसऱ्या दिवशी आलेच नाहीत. वस्ती म्हणाली, म्हातारा रुसला. मीही तेच म्हटलं, आणि मनात म्हटलं, रुसू दे, तिचं घर गेल्यावर बस म्हणावं आपला खरेपणा चाटत.

शिबिराच्या शेवटच्या दिवशी दुपारी ते आले, सायकलवर नाही, पायी, एस्टी थांब्यावरून. बरोबर पन्नाशी उलटलेली एक बाई. मी ओळखलं नाही. रुखमाबाईंनी ओळखलं. "मंगला," म्हणाल्या.

मंगला रुखमाबाईंच्या भिंतीला भिंत लागून वाढलेली शेजाऱ्यांची पोरगी. लग्न होऊन सानगडीला गेली होती, कारखाना भरात होता तेव्हा. डोमाजी सांगत होते, "दोन दिस डोकस्यात घोळून राहिलं होतं. हिच्या घरचे सगळे भांडे मोडवाल्याकडं जाताना मी पायले होते, तेथ आता काहीच नाही. मंग ध्यानात आलं. हिनं आपल्यासाठी भांडे घेतले तसे दुसऱ्यालेबी देल्ले असतीन ना. गडव्याच्या गळ्यावर 'रु' बसवाले मोठी कटकट होते, एक डाव झाली होती. कोणाचा गडवा? मंगलाचा. मंगला कोठी? सानगडीले." साकोलीला एस्टी बदलून, सानगडीत दारोदार विचारत, हा म्हातारा तिच्या घरी जाऊन पोहोचला होता. गडवा तिच्या सासूच्या देवघरात होता, रोज चिंचेने घासून लखलखीत. मंगलाने तो नुसता दिला नाही. "मीच येतो," म्हणाली, आणि निघाली.

साहेबांनी गडवा हातात घेतला आणि मोठ्याने वाचलं. "रुखमाबाई वाघाडे, पहिली लाईन, मु. भट्टीटोली, यांजकडून चि. सौ. कां. मंगला हीस आंदण." खाली तारीख, साल.

रुखमाबाईंना वाचता येत नव्हतं. त्या डोमाजींकडे वळल्या. चार दिवसांत पहिल्यांदा.

"मी तं तवा माह्या नवऱ्याचं नाव सांगतलं होतं."

"देल्ला कोणं? तुया मजुरीचा होता. तुयंच नाव टाकलो."

"मंग मले सांगतलं काहून नाही?"

"तू इचारलंच नाही."

साहेबांनी मध्येच विचारलं, "बाई, हा गडवा तुमचाच ना?"

हो म्हणायचं होतं फक्त. रुखमाबाई म्हणाल्या, "नाही साहेब. हा मंगलाचा हाये. देल्लेली वस्तू आपली नसते."

मालकाचा माणूस तेवढ्यावरच टपलेला. "पाहा साहेब, त्याच सांगतात. भांडं त्यांचं नाही, मग पुरावा कशाचा?"

डोमाजींनी चष्मा काढून धोतराच्या सोग्याला पुसला आणि परत लावला. घाई कसली ती नाही.

"साहेब, आपल्या घरच्या भांड्यावर कोणीबी काहीबी ठोकून आणन. यायचं म्हणणं खरं हाये. पण दुसऱ्याच्या देवघरात, तीस कोस दूर, आपलं खोटं नाव इतके सालं कोण ठेवून घेईन? आन् त्या भांड्यावर पहिली लाईन लिवलेली हाये. जिची पहिली लाईन नाही, तिनं तेथून आंदण कसं देल्लं?"

साहेबांनी मालकाच्या माणसाला विचारलं, "तुम्हाला काही म्हणायचं आहे?" तो आपले कागद आवरायला लागला. साहेबांनी मंगलाचा जबाब घेतला, डोमाजींचा घेतला, गडव्याचे दोन बाजूंनी फोटो काढले, आणि रुखमाबाईंच्या अर्जावर सही केली. अंगठा उठवताना रुखमाबाईंचा हात मंगलाने धरला.

मी डोमाजींपाशी गेले आणि म्हटलं, "माझं चुकलं." त्यांनी मला मोठेपणाने माफ केलं असतं तर मला राग आला असता. पण ते फक्त म्हणाले, "तुमचा तो गडवा बिनानावाचाच हाये ना अजून? आणा एखाद्या दिवशी." तो न्यायचा राहून गेला, ही माझी खंत आहे. पुढच्या थंडीत ते गेले. वस्तीतून दीडशे माणसं तुमसरला गेली होती, पण त्या दिवसाचे डोमाजी मला आठवत नाहीत. मला आठवतात ते शिबिराच्या दिवशीचे.

लोक पांगले होते. हनुमानाच्या ओट्यावर मंगला गडवा पिशवीत घालत होती. डोमाजी परतीच्या एस्टीची वेळ विचारत होते. रुखमाबाई पहिल्या लाईनीकडे चालायला लागल्या, दहा पावलं गेल्या आणि थांबल्या. भट्टीटोलीत त्या काळी कोणी कोणाला घरी बोलवत नसे, तसं म्हणायची पद्धतच नव्हती. सगळे 'रूमवर ये' म्हणायचे. घर म्हटलं की गावाकडचं. रुखमाबाईंनी तर चाळीस वर्षांत तो शब्द कोणत्याच जागेला लावला नसेल.

त्या वळून म्हणाल्या, "दोघंबी चाला. चाय पेऊन जा."

डोमाजी म्हणाले, "एस्टी हुकन वो."

"हुकू दे. माह्या घरी चाला."

आणि डोमाजी गेले.